स्वतःचीच भूमिका, तरीही अभिनय?

प्रश्न : आम्ही साकीनाक्याला, खैरानी रोडच्या बाजूला राहतो. माझ्या बारा वर्षांच्या मुलीबरोबर मी ‘ये बॅले’ हा सिनेमा पाहिला. त्यात टॅक्सीवाल्याच्या मुलाचं, निशूचं काम करणारा मनीष चौहान हा खराखुरा बॅले नर्तक आहे आणि सिनेमातली गोष्टही बरीचशी त्याचीच आहे, असं नंतर वाचनात आलं. त्यावर मुलीने विचारलं, “आई, तो स्वतःचंच काम करतोय, मग त्याला ॲक्टिंग कसं म्हणायचं?” मला उत्तर देता आलं नाही. बॅले शिकलेल्यांना सिनेमात काम करणं सोपं जातं का? आणि आपल्याकडे नाचातून पडद्यावर असं पूर्वी कोणी गेलं आहे का? सविस्तर सांगाल का?
— एक वाचक, साकीनाका, मुंबई

उत्तर : मुलीचा प्रश्न आधी घेतो. हो, तो अभिनयच आहे, आणि अवघड जातीचा अभिनय आहे. तुमच्या दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर असं, की बॅले नर्तकाला सिनेमाचं दार लवकर उघडतं. पण आत टिकायचं असेल तर नाचात मिळवलेलं मोठेपण बाजूला ठेवून पुन्हा नवशिक्या व्हावं लागतं. ज्यांनी ते केलं ते टिकले. तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर तर साकीनाक्याहून मेट्रोने पाच स्थानकांवर आहे, अंधेरीत. तिथे क्रमाक्रमाने पोहोचू.

गोष्ट कोणाची, काम कोणाचं

‘ये बॅले’ २१ फेब्रुवारी २०२० रोजी नेटफ्लिक्सवर आला. लेखन आणि दिग्दर्शन सूनी तारापोरवाला यांचं. ‘सलाम बॉम्बे’ (१९८८) त्यांनी लिहिला, जब्बार पटेल यांच्या ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर’च्या पटकथेतही त्यांचा वाटा आहे. या सिनेमाआधी, २०१७ मध्ये, तो ज्यांच्यावरून बेतला त्या खऱ्या मुलांवर त्यांनी एक छोटा व्हीआर (आभासी वास्तव) माहितीपट केला होता. म्हणजे गोष्ट आधी घडली, मग ती माहितीपटात नोंदली गेली आणि त्यानंतर तिची पटकथा झाली.

खऱ्या आयुष्यातली मुलं दोन. एक मनीष चौहान, मुंबईतल्या टॅक्सीचालकाचा मुलगा. दुसरा अमीरुद्दीन शाह, नवी मुंबईतल्या वेल्डरचा मुलगा. दोघंही ॲश्ली लोबो यांच्या ‘डान्सवर्क्स’ या संस्थेत शिकायला आले. तिथे त्यांना येहुदा माओर हे इस्रायली-अमेरिकन गुरू भेटले. माओर सत्तरीच्या घरातले, शिस्तीला कडक. त्यांनी या दोघांना हाताशी धरून बॅले शिकवलं. अमीर २०१७ मध्ये लंडनच्या रॉयल बॅले स्कूलमध्ये दाखल झाला.

सिनेमात अमीरवरून बेतलेल्या असिफचं काम अचिंत्य बोस या दुसऱ्या नर्तकाने केलं. निशूसाठी दिग्दर्शिकेने मनीषलाच घेतलं. गुरूची भूमिका ज्युलियन सँड्स या ब्रिटिश नटाने केली. नाच बसवायला रॉयल बॅलेची माजी नर्तिका सिंडी जूर्डां होती. त्यामुळे या एकाच सिनेमात तीन तऱ्हेचे लोक शेजारी शेजारी उभे दिसतात : स्वतःच्या आयुष्यावरून लिहिलेली भूमिका करणारा नर्तक, दुसऱ्याच्या आयुष्यातला नर्तक साकारणारा नर्तक आणि मुळात नट असून नृत्यगुरू झालेला माणूस. मुलीला म्हणावं, सिनेमा पुन्हा लाव आणि या तिघांच्या उभं राहण्यात काय फरक आहे ते बघ. अभिनयाबद्दल वाचून जे कळत नाही, ते यातून कळेल.

स्वतःचं काम करायचं म्हणजे काय करायचं

माहितीपटात कॅमेरा माणसाच्या मागे जातो. माणूस जगत असतो आणि कॅमेरा टिपत असतो. कथापटात हे सगळं उलटं होतं. संवाद कोणीतरी लिहिलेले असतात, उभं राहायची जागा जमिनीवर चिकटपट्टीने आखलेली असते, प्रकाश त्या जागेपुरता लावलेला असतो. तोच प्रसंग पाच-सात वेळा करायचा आणि दर वेळी पहिल्यांदाच घडतोय असा करायचा. चित्रीकरण क्रमाने होत नाही. शेवटचं यश आधी चित्रित होतं आणि पहिली हार नंतर.

मनीषच्या बाबतीत यात आणखी एक अडचण होती. सिनेमातला निशू सुरुवातीला कच्चा आहे. रस्त्यावर, मैदानात कोलांट्या मारणारा, अंगात रग असलेला, पण बॅलेतलं काहीही न येणारा मुलगा. भूमिका करणारा मनीष मात्र तोवर घडलेला नर्तक होता. बॅलेचं शिक्षण झालं की माणसाचं चालणं, वळणं, मान धरणं सगळंच बदलतं. पाठीचा कणा ताठ राहतो, खांदे खाली बसतात, पाय आपोआप बाहेरच्या बाजूला वळतात. ही सवय सुटता सुटत नाही. आता अशा शरीराने, बॅलेच्या वर्गात पहिल्यांदा आलेला आणि सरावाचा दांडा कसा धरायचा हेही ठाऊक नसलेला मुलगा उभा करायचा! जे येतं ते न येण्याचं नाटक करणं, तेही पाहणाऱ्याला नाटक न वाटेल असं, याला मुरलेले नटसुद्धा बिचकतात.

यात मनाचीही एक बाजू आहे. खऱ्या आयुष्यात वडील बोलले, तेव्हा पुढे काय होणार हे त्या मुलाला माहीत नव्हतं. सेटवर समोर एक नट वडिलांचं काम करतोय, पुढे काय होणार ते पाठ आहे, आणि तरीही ते शब्द आत्ता पहिल्यांदा कानावर पडताहेत असं चेहऱ्यावर दिसायला हवं. स्वतःचा अनुभव गाठीशी असला म्हणून हे सोपं होत नाही. उलट ‘खरं तर असं झालं नव्हतं’ ही जाणीव पावलोपावली आडवी येते. आपलीच आठवण बाजूला सारून लेखिकेने लिहिलेल्या मुलाशी प्रामाणिक राहावं लागतं. पात्राचं नाव मनीष नाही, निशू आहे, ते काही उगाच नाही.

पुढे २०२३ मध्ये लेस्ली शॅम्पेन आणि पिप गिल्मोर यांचा ‘कॉल मी डान्सर’ हा माहितीपट आला. तो खऱ्या मनीषवर आहे. माणूस तोच, शहर तेच, गुरू मात्र यात खरे येहुदा माओर. दोन्ही लागोपाठ पाहिलं तर जगणारा मनीष कसा दिसतो आणि साकारणारा मनीष कसा दिसतो, हे कोणाला समजावून सांगावं लागणार नाही.

बॅले काय शिकवतं आणि कॅमेरा काय मागतो

आता तुमचा मधला प्रश्न : बॅले शिकलेल्याला सिनेमा सोपा जातो का?

बॅलेचं शिक्षण फार लवकर सुरू होतं. सेंट पीटर्सबर्गच्या वागानोवा अकादमीत मुलं साधारण दहाव्या वर्षी घेतली जातात आणि पुढची आठ वर्षं शिकतात. याचं कारण शरीराच्या रचनेत आहे. बॅलेत पाय गुडघ्यातून किंवा घोट्यातून वळवायचा नसतो, कमरेच्या सांध्यातून बाहेर वळवायचा असतो, आणि हाडं-स्नायू कोवळे असताना ती सवय लागणं सोपं जातं. मनीष या वयाच्या पुष्कळ पुढे गेल्यावर बॅलेकडे वळला. त्याच्या गोष्टीतला खरा संघर्ष गरिबीइतकाच या हुकलेल्या वर्षांशीही आहे.

रोजचा वर्ग कसा असतो ते जवळून पाहू. भिंतीलगत कमरेच्या उंचीवर आडवा लाकडी दांडा असतो, त्याला बार म्हणतात. एक हात त्यावर नुसता टेकवायचा, भार द्यायचा नाही. टाचा जुळवायच्या, चवडे बाहेर वळवायचे आणि टाचा न उचलता सावकाश गुडघे वाकवायचे. हा प्लिए. मग एक पाय जमिनीवरून घासत पुढे न्यायचा, बोटांच्या टोकापर्यंत ताणायचा आणि त्याच वाटेने मागे आणायचा. हा तांदू. नंतर वर्तुळं, मग उचल, मग दांडा सोडून मधल्या जागेत तोल, शेवटी उड्या. अंधेरीत असो की न्यूयॉर्कमध्ये, वर्गाचा क्रम थोड्याफार फरकाने हाच. जगातला सर्वांत मोठा नर्तकसुद्धा सकाळी प्लिएनेच सुरुवात करतो.

आता पिरूएट, म्हणजे एका पायावरची गिरकी. नर्तक समोरच्या भिंतीवरचा एक ठिपका डोळ्यांनी पकडतो. शरीर फिरायला लागतं, पण चेहरा मागे राहतो, ठिपक्याकडेच. मान आणखी ताणता येईना अशी वेळ आली, की डोकं झटक्यात फिरतं, शरीराच्या आधी पुढे पोहोचतं आणि डोळे पुन्हा तोच ठिपका पकडतात. म्हणून चक्कर येत नाही आणि तोल जात नाही. नाट्यगृहात विसाव्या रांगेत बसलेल्याला यातलं काही कळत नाही. त्याला फक्त एक शांत, सहज गिरकी दिसते. आता कॅमेरा चार फुटांवर आणा. मानेची शीर ताणलेली दिसते, केसांतून उडालेला घाम दिसतो, पाऊल टेकताना आवळलेला जबडा दिसतो.

माझ्या मते सगळी मेख इथे आहे. बॅले श्रम लपवायला शिकवतं. पायाच्या नखातून रक्त येत असलं तरी चेहऱ्यावर ते येता कामा नये, हा त्याचा धर्म. क्लोजअप मात्र नेमकं लपवलेलंच शोधत असतो. वर्षानुवर्षं कष्ट झाकायला शिकलेल्या माणसाला सिनेमा सांगतो : आता ते दिसू दे. ज्या नर्तकांना हे जमत नाही, ते पडद्यावर देखणे दिसतात आणि कोरे वाटतात. ज्यांना जमतं, त्यांचा नुसता उभं राहण्याचा प्रसंगही लक्षात राहतो.

आवाजाचा प्रश्न वेगळाच. नर्तक आयुष्यभर न बोलता सांगत आलेला असतो. संवाद म्हणताना श्वास कुठे घ्यायचा, वाक्य कुठे सोडायचं, हे त्याला मुळापासून शिकावं लागतं.

नाचातून सोबत येतं तेही काही कमी नाही. तीच हालचाल, त्याच जागी, त्याच मापात, दहाव्या टेकलाही करून दाखवणं नर्तकाला जड जात नाही, कारण त्याचं सगळं आयुष्य तालमीत गेलेलं असतं. चारचौघांत चूक दाखवली तर त्याला राग येत नाही. शिवाय आपल्या शरीराचा भार या क्षणी कुठे आहे हे त्याला कायम ठाऊक असतं. खुर्चीतून उठणं, दार लोटणं, वळून पाहणं अशा साध्या गोष्टींत याचा उपयोग होतो.

जगात हे कोणी केलं

१९४८ चा ‘द रेड शूज’ हा बॅलेवरच्या सिनेमांतला मैलाचा दगड. दिग्दर्शक मायकेल पॉवेल आणि एमरिक प्रेसबर्गर. नायिका मॉइरा शिअरर ही सॅडलर्स वेल्स बॅलेची नर्तिका. सिनेमाला ती बराच काळ तयार नव्हती, कारण तिला नाच सोडायचा नव्हता. सिनेमातलं मुख्य बॅले सुमारे सतरा मिनिटं चालतं आणि जगभरच्या कितीतरी मुली ते पाहून बॅलेकडे वळल्या. शिअररला मात्र आपण सिनेनटी म्हणून ओळखले जातो याचं शेवटपर्यंत फारसं सुख नव्हतं. त्याच सिनेमात नाच बसवणारा रॉबर्ट हेल्पमनही मुळात नर्तक. तो पुढे रंगभूमी आणि पडदा दोन्हींकडे चरित्रनट म्हणून सहज वावरला.

फ्रान्सची लेस्ली कॅरॉन रोलाँ पेती यांच्या बॅले कंपनीत होती. तिथे जीन केलीने तिला हेरलं आणि ‘ॲन अमेरिकन इन पॅरिस’मध्ये (१९५१) नायिका केलं. सुरुवातीची कामं नाचाच्या आधाराने झाली, पण ती तिथे थांबली नाही. ‘द एल-शेप्ड रूम’मध्ये (१९६२) नाच नाहीच, आणि त्या कामासाठी तिला ऑस्करचं नामांकन मिळालं.

सगळ्यांत मोठं नाव मिखाईल बॅरिश्निकोव्हचं. जन्म १९४८, रिगा. लेनिनग्राडच्या किरोव्ह बॅलेतला हा तारा १९७४ मध्ये कॅनडाच्या दौऱ्यावर असताना सोव्हिएत संघ सोडून पश्चिमेत राहिला. तीनच वर्षांनी ‘द टर्निंग पॉइंट’ (१९७७) आला आणि पहिल्याच सिनेमासाठी त्याला सहायक अभिनेत्याचं ऑस्कर नामांकन मिळालं. ‘व्हाइट नाइट्स’मध्ये (१९८५) तो देश सोडून आलेल्या रशियन नर्तकाचंच काम करतो. तुमच्या मुलीचा प्रश्न तेव्हा त्यालाही लागू होता. पण त्याच्या अभिनयाची खरी परीक्षा १९८९ मध्ये झाली. ब्रॉडवेवर काफ्काच्या ‘मेटामॉर्फोसिस’च्या रंगावृत्तीत, एका सकाळी किडा होऊन जागा झालेल्या माणसाची भूमिका त्याने केली आणि टोनी पुरस्काराचं नामांकन मिळवलं. जगातलं सर्वांत सुघड म्हणून नावाजलेलं शरीर त्याने वाकडं, लाचार, किळसवाणं करून दाखवलं. लपवायला शिकलेला माणूस दाखवायला शिकला, याचा याहून ठळक पुरावा मला माहीत नाही.

अलेक्झांडर गोदुनोव्ह बोल्शोय बॅलेतला नर्तक. त्यानेही १९७९ मध्ये न्यूयॉर्कमध्ये आश्रय घेतला. ‘विटनेस’मध्ये (१९८५) तो आमिश शेतकरी झाला, ‘डाय हार्ड’मध्ये (१९८८) खलनायकाचा क्रूर साथीदार. दोन्हींत नाच नाही. ‘विटनेस’मध्ये तर त्याला बोलायलाही फारसं नाही, तरी चौकटीत तो असला की नजर त्याच्याकडे जाते.

उलट दिशेने जाणारेही आहेत. ‘ब्लॅक स्वान’साठी (२०१०) नॅटली पोर्टमनने सुमारे वर्षभर बॅलेचा सराव केला, तिला ऑस्करही मिळालं. पण अवघड नाचात सारा लेन ही व्यावसायिक नर्तिका तिच्या जागी उभी राहिली. नटाला बॅले उसनं घेता येतं. नर्तकाला अभिनय उसना घेता येत नाही, क्लोजअपमध्ये चेहरा त्याचाच असतो.

आता अंधेरीकडे

१९४३ मध्ये मुंबईत इंडियन पीपल्स थिएटर असोसिएशन, म्हणजे इप्टा, स्थापन झाली. त्यानंतर लवकरच तिच्या सेंट्रल स्क्वाडने अंधेरीत मुक्काम ठोकला. नर्तक, गायक, वादक एका घरात राहत, एकत्र जेवत आणि दिवसभर तालमी करत. नाच बसवायला शांती बर्धन होते, पुढे संगीताला रविशंकर आले. बंगालच्या दुष्काळाच्या सावलीत ‘स्पिरिट ऑफ इंडिया’ आणि ‘इंडिया इम्मॉर्टल’ ही बॅले इथेच उभी राहिली. यात चवड्यांच्या टोकावर उभं राहणं नव्हतं. लोकनृत्य, अभिनय आणि समूहाच्या हालचालींतून गोष्ट सांगणारा हा प्रकार होता, पण रशियन बॅलेशी त्याचं नातं दूरचं नव्हतं. १९२३ मध्ये लंडनला रशियन बॅले नर्तिका ॲना पाव्हलोव्हाने चित्रकलेचा विद्यार्थी असलेल्या उदयशंकर यांना आपल्याबरोबर राधा-कृष्णाच्या नृत्यात घेतलं. त्याच उदयशंकरांनी पुढे स्वतःची मंडळी उभी केली, अल्मोड्याला केंद्र काढलं, आणि त्या केंद्रात काम केलेले शांती बर्धन अंधेरीत आले. पाव्हलोव्हापासून आपल्या उपनगरापर्यंत इतक्या थोड्या हातांत ही विद्या पोहोचली. १९५२ मध्ये बर्धन यांनी मुंबईत लिटल बॅले ट्रूप काढला. कळसूत्री बाहुल्यांसारख्या हालचाली करणाऱ्या माणसांचं त्यांचं ‘रामायण’ आजही नावाजलं जातं.

अल्मोड्यातून पडद्याकडे जाणारी एक वाट पुण्याहून गेली. गुरुदत्त त्या केंद्रात नाच शिकले आणि १९४४ मध्ये प्रभात फिल्म कंपनीत नोकरीला लागले. तिथे त्यांनी ‘लाखाराणी’त छोटं काम केलं, ‘हम एक हैं’चे (१९४६) नाच बसवले. त्यांच्या सिनेमांतल्या गाण्यांत पात्रं चालता चालता गातात, थबकतात, वळतात. त्या वेळ साधण्याच्या कौशल्याचं मूळ मला अल्मोड्याच्या तालमींत दिसतं. १९५१ मध्ये त्यांनी ‘बाजी’ दिग्दर्शित केला, तेव्हा नाच बसवायला त्याच अल्मोड्यातली एक शिक्षिका होती : झोहरा सेहगल.

पुन्हा विद्यार्थी होणारी बाई

तुमच्या तिसऱ्या प्रश्नाचं पूर्ण उत्तर म्हणजे झोहरा सेहगल. जन्म १९१२, सहारनपूर. १९३० मध्ये मामाबरोबर मोटारीने युरोप गाठून त्या ड्रेस्डेनला मेरी विगमन यांच्या आधुनिक नृत्याच्या शाळेत तीन वर्षं शिकल्या. १९३५ मध्ये उदयशंकरांच्या मंडळीत आल्या आणि जपान, युरोप, अमेरिका गाजवून आल्या. मग अल्मोड्याला शिकवू लागल्या. तिथेच इंदूरचे चित्रकार-नर्तक कामेश्वर सेहगल भेटले आणि १९४२ मध्ये लग्न झालं.

१९४५ मध्ये त्या मुंबईत आल्या तेव्हा नर्तिका म्हणून त्यांचं नाव झालेलं होतं. पृथ्वीराज कपूर यांच्या पृथ्वी थिएटर्समध्ये त्या महिना ४०० रुपयांवर रुजू झाल्या. तिथे नायिकेची कामं त्यांची बहीण उझरा करत असे. झोहराबाई मिळेल ते काम करत, नाच बसवत, आणि मंडळीबरोबर गावोगाव हिंडत. अशी चौदा वर्षं. अभिनय त्या तिथे शिकल्या, शून्यापासून, तिशी ओलांडल्यावर. त्याच काळात इप्टाच्या ‘धरती के लाल’मध्ये आणि चेतन आनंद यांच्या ‘नीचा नगर’मध्ये (दोन्ही १९४६) त्यांनी पडद्यावर काम केलं. ‘नीचा नगर’ला कानच्या पहिल्याच महोत्सवात सर्वोच्च सन्मान मिळाला.

१९५९ मध्ये पतीचं निधन झालं. १९६२ मध्ये, पन्नाशीला, नाटकाच्या शिष्यवृत्तीवर त्या लंडनला गेल्या आणि तिसऱ्यांदा नवशिक्या झाल्या. बराच काळ छोटीमोठी कामं करावी लागली. १९८४ मध्ये ‘द ज्वेल इन द क्राउन’ या मालिकेतल्या लेडी चॅटर्जींनी त्यांना ब्रिटनभर ओळख दिली. तेव्हा त्यांचं वय बहात्तर होतं. मग भारतात परत येऊन ‘दिल से’ (१९९८), ‘हम दिल दे चुके सनम’ (१९९९), आणि ‘चीनी कम’ (२००७). शेवटच्यात त्या अमिताभ बच्चन यांच्या आई आहेत. त्यांचं वय तेव्हा पंचाण्णव. पलंगावर बसल्या बसल्या केलेलं हे काम नीट पाहा. अंग स्थिर असतं, एखादी भुवई चढते, हात अर्ध्यावर येऊन थांबतो आणि समोरच्या उंच्यापुऱ्या नटाचं वाक्य तिथेच निकालात निघतं. कुठे हलायचं नाही हे ज्याला कळतं, त्याच्या थोड्याशा हालचालीलाही वजन येतं. ही नाचाची कमाई आहे. पण ती पडद्यावर वापरता आली, कारण मधे पृथ्वीची चौदा वर्षं होती. २०१० मध्ये त्यांना पद्मविभूषण मिळालं. २०१४ मध्ये, वयाच्या एकशेदोनाव्या वर्षी त्या गेल्या.

मुलीसाठी थोडं

मनीष चौहानने ‘ये बॅले’नंतर न्यूयॉर्कच्या पेरिडान्स या नृत्यसंस्थेत नाचाचं काम धरलं. सिनेमाने त्याला ओळख दिली, पण त्याने निवड नाचाची केली. मला ती शहाणपणाची वाटते. नर्तकाच्या शरीराची ऐन भराची वर्षं थोडी असतात, पस्तिशी-चाळिशीत ती ओसरू लागतात. अभिनय त्यानंतरही वाट पाहू शकतो. नाच वाट पाहत नाही.

मुलीला बॅलेची ओढ वाटत असेल तर बारावं वर्ष उशिराचं नाही. वर्ग निवडताना आधी जमीन बघा. खाली पोकळी असलेली, किंचित दबणारी लाकडी जमीन हवी. सिमेंटवर घातलेल्या फरशीवर रोज उड्या मारल्या तर गुडघे आणि नडगी दुखावतात. चवड्यांच्या टोकावर उभं राहायच्या बुटांची घाई करू देऊ नका. घोटे आणि पाठ तयार झाल्याचं शिक्षकांनी सांगितल्यावरच ते घ्यावेत. पहिल्या महिन्यातच ते देऊ करणारा वर्ग असेल तर तो टाळा.

अभिनयासाठी नाचाच्या वर्गावर अवलंबून राहू नका. मराठीत बालनाट्याची चांगली परंपरा आहे, सुट्टीत ठिकठिकाणी शिबिरं होतात. जुहूच्या पृथ्वी थिएटरमध्येही उन्हाळ्यात मुलांसाठी कार्यशाळा असतात. तिथे ती बोलायला, ऐकायला आणि चारचौघांत चुकायला शिकेल.

आणि एक गोष्ट तिला आत्ताच सांगा. सिनेमात जाता यावं म्हणून नाच शिकू नये आणि नाच येतो म्हणून अभिनय येईल असं धरून चालू नये. दोन्ही विद्या स्वतंत्र आहेत, दोन्हींची तालीम वेगळी आहे. बॅरिश्निकोव्ह, झोहरा सेहगल आणि मनीष चौहान यांनी दुसरी विद्या पहिलीच्या जोरावर फुकट मागितली नाही. पहिलीने लावलेली मेहनतीची सवय घेऊन ते दुसरीच्या दारात नव्याने उभे राहिले.